कराचीच्या मंत्र्याचे थोरले भाऊ

परवा मुलानं कॉम्प्युटरवर एक पान काढून दाखवलं. पाकिस्तानातल्या एका माजी मंत्र्याची माहिती होती, एकूण बारा ओळी. सिंधच्या विधानसभेवर चार वेळा निवडून आले, तीन वेळा मंत्री झाले, खाती पाटबंधारे, कामगार आणि पुन्हा पाटबंधारे. मी बाराही ओळी वाचल्या. अकरा बरोबर होत्या, त्या मला आधीपासून पाठ होत्या. पहिली खोटी होती. तिथं लिहिलं होतं, जन्म : कराची.

मुलाला म्हटलं, बंद कर ते.

हा माणूस दौंडला जन्मला. दौंडच्या मराठी शाळेत तिसरीपर्यंत शिकला. त्याचे थोरले भाऊ याकूब तांबोळी यांनी मला आठवी ते दहावी भूमिती शिकवली आणि पुढं तेवीस वर्षं ते माझे शेजारी होते. सर जाऊन दोन वर्षं झाली. त्यांच्याबद्दल कुठं बारा ओळी नाहीत, एकही नाही. मला राग आहे तो मंत्र्याचा आहे, आमच्या गावाचा आहे, आणि माझ्या हातानं लिहिलेल्या एका कागदाचा आहे. तो कागद पुढं येईलच.

भूमितीत सिद्धता लिहायची तर पानावर मधोमध रेघ मारून डावीकडं विधान आणि उजवीकडं कारण लिहायचं, हे सगळ्यांना माहीत आहे. तांबोळी सरांनी ती रेघ वहीत ठेवली नाही. कुणी काहीही बोललं की ते मान किंचित तिरकी करून विचारायचे, "कारण?" मी लग्न ठरल्याचं सांगायला गेलो तेव्हाही विचारलं. गाडी साधारण पाचला येते म्हटलं तर म्हणायचे, साधारण म्हणजे किती मिनिटं? मी रेल्वेत ट्रेन्स क्लार्क झालो. यार्डात फिरून डब्यांचे नंबर लिहून घ्यायचे, गाडीत कुठला डबा कितवा आहे ते नोंदवायचं. या नोकरीवर खूश झालेले सर एकटेच. म्हणाले, "चांगलं काम आहे. नंबर खोटं बोलत नाही."

त्यांचे वडील दौंडलाच पॉइंट्समन होते, रुळांचे सांधे बदलायचे, आणि मामा इंजिनावर फायरमन. फाळणीच्या वेळी रेल्वेच्या नोकरांना विचारलं गेलं, इथं राहणार की तिकडं जाणार. मामांनी तिकडं लिहून दिलं. त्यांना मूल नव्हतं. जाताना बहिणीचा धाकटा मुलगा बशीर, नऊ वर्षांचा, वर्षभरासाठी म्हणून बरोबर नेला. ते वर्ष काही संपलं नाही. शाळेच्या जनरल रजिस्टरात बशीरच्या नावापुढं, शाळा सोडण्याचे कारण या रकान्यात, त्या वेळच्या हेडमास्तरांनी लिहिलं आहे : मामाबरोबर परगावी. सर पुढं त्याच गावात शिक्षक झाल्यावर त्यांनी ती नोंद शोधून तिची नक्कल करून घेतली होती. मला दाखवताना म्हणाले, "परगावी लिहिलंय बघ. परदेशी नाही."

बशीर तिकडं शिकला, वकील झाला, राजकारणात शिरला. आधी ईदला त्याचं कार्ड यायचं, उर्दूत. सर सगळे मराठीत शिकलेले, मशिदीतल्या मौलवींकडून ते वाचून घ्यायचे. एका कार्डाच्या तळाशी मात्र तिसरीतल्या मुलाच्या वळणाची मराठी होती : मी बरा आहे. आपाला सलाम. आपा म्हणजे त्यांची थोरली बहीण. ते कार्ड सरांच्या भूमितीच्या पुस्तकात असायचं.

नव्वदच्या पुढं त्या देशात सरकारं भराभर पडत होती आणि हा गृहस्थ दर वेळी उभ्या राहिलेल्या सरकारात असायचा. सर सकाळी ओट्यावर बसून ट्रान्झिस्टरवर तिकडच्या बातम्या लावायचे. जुन्या उत्तरपत्रिकांच्या कोऱ्या पानांवर त्यांनी तक्ता आखला होता. कुठल्या महिन्यात कुठल्या पक्षात, कुठलं खातं, किती दिवस. पहिलं मंत्रिपद अकरा महिने. दुसरं दोन वर्षं चार महिने. त्यात तीन पक्ष. प्रत्येक पक्षबदलाला एक पत्र जायचं. मराठीत. मी एक वाचलंय, ते असं होतं : "बशीर, ज्यांच्याविरुद्ध मतं मागून निवडून आलास त्यांच्याच मंत्रिमंडळात काल गेलास. कारण लिहून कळव. थोरला."

पाकिस्तानच्या मंत्र्याला दौंडहून कुणीतरी मराठीत कारणे दाखवा पाठवतंय, हे आमच्या पोलिसांना पचणं शक्य नव्हतं. गोपनीय शाखेचे जगदाळे हवालदार दर पत्रानंतर यायचे. ते सरांचेच विद्यार्थी, दोनदा दहावीला बसलेले. सर त्यांना खुर्ची द्यायचे, चहा द्यायचे आणि पत्राची स्वतःजवळ ठेवलेली प्रत मोठ्यानं वाचून दाखवायचे. जगदाळे लिहून घ्यायचे. एकदा त्यांनी अहवालाच्या शेवटी 'संशयास्पद काही नाही' असं लिहिलं. सरांनी वही हातात घेतली आणि परत केली.

"विधान लिहिलंस. कारण?"

"सर, मला काय हौस हाय का?" जगदाळे म्हणाले. "तुमी हितनं तिकडच्या मंत्र्याला झापता, आन् फाईल माझी वाढती. एवढं चार-सहा म्हैने त्येला कुठल्या पक्षात जायचं तिकडं जाऊ द्या की."

सर हसले होते तेव्हा. मीही हसलो. हे सगळं त्या वेळी आम्हाला गमतीचं वाटत होतं, हेही लिहून ठेवतो.

सरांची बहीण रशिदाआपा शिरूरला दिलेली. घोड नदीकडं उतरणाऱ्या रस्त्यावर त्यांचं बांगड्यांचं दुकान होतं. बशीरला कडेवर घेऊन वाढवलेलं त्यांनी, आई कायम आजारी असायची म्हणून. माझी सासुरवाडीही शिरूरचीच, त्यामुळं बशीर पहिल्यांदा मंत्री झाला तेव्हा आम्ही एकाच एसटीनं गेलो. आपांनी बातमी ऐकली आणि दुकानात आलेल्या बायकांना पेढे वाटले. त्यांची पक्की समजूत होती की इतकी वर्षं बशीर आला नाही तो रजा मिळत नाही म्हणून. बाप, मामा, सगळे रेल्वेत. घरात लग्न असो, मयत असो, माणूस न येण्याचं त्यांना माहीत असलेलं कारण एकच. म्हणाल्या, "मंत्री झालाय म्हंजी आता रजा मागायला कुणाच्या दारात जायला नको. आता येईल."

तो आला नाही. सरांनी तेवढ्यासाठी म्हणून वेगळं पत्र लिहिलं. त्यात पक्षाचा विषय नव्हता, रागावणं नव्हतं. आपाची नजर कमी होत चालली आहे, दिसतंय तोवर एकदा येऊन जा, इतकंच. पाच महिन्यांनी उत्तर आलं. सरकारी कागद, इंग्रजी टाइप, खाली मंत्र्यांच्या खासगी सचिवाची सही. मजकूर असा, की मंत्रिमहोदयांचा जन्म कराचीचा असून भारतात त्यांचे कोणीही नातेवाईक नाहीत, आपण कोणा अन्य व्यक्तीस पत्रे लिहीत असावात, यापुढे पत्रव्यवहार करू नये.

कारण मागाहून कळलं. निवडणुकीत विरोधकांनी त्याला 'हिंदुस्थानी' म्हणून हिणवलं होतं. म्हणून या माणसानं स्वतःचं गाव पुसून टाकलं, आणि गावाबरोबर आईबाप, बहीण, भाऊ. एका मतदारसंघासाठी. पत्र आलं तेव्हाच मी सरांना म्हटलं, आपांना हे सांगू नका, सांगा की रजा मिळाली नाही. त्यांनी मान तिरकी करून माझ्याकडं पाहिलं. पुढच्या रविवारी शिरूरला जाऊन त्यांनी ते पत्र आपांना मराठी करून शब्दन् शब्द वाचून दाखवलं. मी दुकानाच्या पायरीवर होतो.

आपा बराच वेळ बांगड्यांच्या माळा सारख्या करत राहिल्या. मग म्हणाल्या, "लहानपणी बी मार चुकवायचा तर असंच. मी न्हवतोच तिथं म्हणायचा." आणि थोड्या वेळानं, सरांना दटावल्यासारखं, "रजा मिळंना म्हणून सरळ लिहायचं सोडून काय बी लिहितोय."

परतीच्या एसटीत सर सारखा खिशातला खडूचा तुकडा चाचपत होते.

आता त्या उन्हाळ्याचं सांगतो. सीमेवर लढाई पेटली होती. आमच्या तालुक्यातली पोरंही तिकडं होती. रोज संध्याकाळी चौकात पेपर मोठ्यानं वाचला जायचा. एका सकाळी सरांच्या भिंतीवर काळ्या रंगात फूटभर अक्षरं उमटली : पाकड्या मंत्र्याचा भाऊ. लिहिणारे सात जण होते, आणि लपलेलेही नव्हते, समोरच उभे होते. त्यांतल्या चौघांना सरांनी फुकट शिकवणी देऊन दहावी पास करवलं होतं. सर बाहेर आले. त्यांनी चष्मा पुसून भिंत वाचली.

"पहिला शब्द शिवी आहे, तो सोडला तर विधान बरोबर आहे," ते म्हणाले. "पुढं काय सिद्ध करायचंय?"

एक जण थुंकला. बाकीचे त्याच्यामागून निघून गेले. सरांनी ओला बोळा घेऊन पहिला शब्द तेवढा घासून काढला. मंत्र्याचा भाऊ एवढं राहिलं. मी चुना घेऊन गेलो तर म्हणाले, "बरोबर आहे ते. पुसायचं कशाला?" आठ महिने ते तसंच होतं. येणारा-जाणारा वाचायचा. ते सात जण आज गावात मानानं फिरतात. एक नगरसेवक झाला. मला त्यांची नावं माहीत आहेत.

पोलीस ठाण्यात शांतता समितीची बैठक बसली. समितीत मी होतो. सगळे समजूतदार लोक, सरांचं बरं व्हावं असंच वाटणारे, दोन मौलवीही होते. ठरलं असं की सरांनी एक निवेदन द्यावं, की सदर मंत्र्याशी माझं कोणतंही नातं नाही. पोलीस ते वरती पाठवतील, विषय मिटेल. त्यात आणखी एक गोष्ट अडकलेली. सरांचा मुलगा अस्लम सणसवाडीला कारखान्यात होता. कंपनी त्याला सहा महिन्यांच्या ट्रेनिंगला परदेशी पाठवत होती आणि पासपोर्टची पोलीस चौकशी या नात्यावर येऊन थांबली होती. माझं अक्षर चांगलं, म्हणून निवेदनाचा मसुदा मी लिहिला. चार ओळी. एकही खाडाखोड नाही. हाच तो कागद.

मी आणि अस्लम तो घेऊन सरांकडं गेलो. मी म्हटलं, "सर, खोटं वाटायचं कारण नाही. तिकडच्या सरकारनंच लेखी दिलंय की नातं नाही. ते पत्र जोडू. झालं."

त्यांनी मसुदा वाचला. मग विचारलं, "हे कुणाचं अक्षर?"

"माझं."

"दहावीला भूमितीत किती होते तुला?"

मी सांगितलं, एकशेपन्नासपैकी एकशे एकोणतीस गणितात, भूमितीचे वेगळे आठवत नाहीत.

"मला आठवतात," ते म्हणाले. "एक सरकार म्हणतंय तो माझा भाऊ नाही. दुसरं सरकार म्हणतंय तूही तसंच लिही. दोघांनी लिहिलं म्हणून रजिस्टरातली नोंद बदलते का? कारण सांग."

अस्लम उठला. म्हणाला, "अब्बा, त्या माणसाला तुम्ही नको आहात. त्यानं सही करून कळवलंय. तुम्ही कुणासाठी अडून बसलाय?"

"त्याला मी नको आहे, हे मला मान्य आहे," सर म्हणाले. "पण मी त्याचा भाऊ नाही, हे खरं नाही."

अस्लमचं ट्रेनिंग दुसऱ्याला मिळालं. तो सणसवाडीतच खोली घेऊन राहू लागला आणि दीड वर्ष घरी आला नाही. मला त्या वेळी सरांचाही राग आला होता. ताठपणाची किंमत पोरानं का द्यायची, असं मी बायकोला म्हणालो. आज विचारलं तर मी म्हणेन की चूक सरांची नव्हती. एका भल्या माणसाकडं खोटं मागायला सगळं गाव गेलं होतं आणि पुढं मी होतो.

लढाई संपली, तिकडं लष्करानं सरकार घालवलं, मंत्री घरी बसला. पुढं पुन्हा निवडणूक झाली आणि तो तिसऱ्यांदा मंत्री झाला, चौथ्या पक्षातून. सरांनी तक्त्यात नोंद केली. पत्र लिहिलं नाही.

आपा गेल्या त्या रमजानच्या चार दिवस आधी. तोवर त्यांना काहीच दिसत नव्हतं. दुकानात कुणी पुरुषमाणूस आला की विचारायच्या, कोण, बशीर का? सरांनी मातीला जाऊन आल्यावर कराचीला तार केली. ती पोचली की नाही, माहीत नाही.

त्यानंतर दोन्ही देशांचं थोडं जमायला लागलं होतं. शांतता परिषदेसाठी तिकडचे आमदार-खासदार पुण्यात आल्याची बातमी पेपरात आली, खाली नावं होती. त्यांत बशीर होता. तेव्हा मंत्रिपद गेलेलं होतं, पण बातमीत माजी मंत्री असंच छापलेलं. सरांनी यजमान संस्थेला चिठ्ठी पाठवली, उत्तर नाही. आणि मग रिझर्वेशनचा चार्ट माझ्या हाती आला. मंडळी आग्रा बघायचं म्हणून रेल्वेनं निघाली होती. दुसऱ्या वर्गाचा एसी डबा, इंजिनापासून सातवा, बर्थ एकवीस. नाव तेच. मी स्टेशनातून सायकल काढून सरांकडं गेलो आणि डब्याचा नंबर सांगितला.

पुण्याहून मनमाडकडं जाणारी गाडी दौंडला थांबते, इंजिन सुटतं, दुसऱ्या टोकाला जाऊन लागतं आणि गाडी ज्या दिशेनं आली तिकडंच पाठमोरी निघते. वीस मिनिटं जातात. नवखा प्रवासी घाबरतो, की आपण परत पुण्याला चाललो. दौंडचं शेंबडं पोरही हे जाणतं. त्या मंडळींचा व्हिसा पुणे, आग्रा, दिल्ली एवढ्याचाच होता, त्यामुळं फलाटावर उतरायची परवानगी नव्हती. डब्याच्या दाराशी आतल्या बाजूला साध्या वेशातला पोलीस होता.

सर इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून आले होते. खिशात रजिस्टरची नक्कल होती, तिचा कोपरा वर दिसत होता. डबा थांबला तिथं बरोबर आम्ही उभे. दार उघडलं आणि हवा खायला दोघं आली. एक मध्यमवयीन बाई आणि तिच्यामागं तो. सरांचंच नाक, सरांसारखीच तिरकी मान, फक्त अंगानं भरलेला. त्यानं आमच्याकडं पाहिलं नव्हतं.

बाईनं विचारलं, "यहाँ इतनी देर क्यों रुकी है?"

"यहाँ इंजन घूमता है," तो म्हणाला. "अब गाडी उलटी जाएगी."

अगदी सहज. नऊ वर्षांच्या पोरानं सांगावं तसं. बाई हसली. म्हणाली, "आपको कैसे मालूम, मिनिस्टर साहब? आप तो पहली बार आए हैं."

तेव्हा त्यानं मान वळवली आणि त्याला सर दिसले. चार हातांवर. ओळखलं, यात मला शंका नाही, मी त्याच्या चेहऱ्याकडंच बघत होतो. त्याच्या नजरेमागून बाईही सरांकडं बघायला लागली. मग तो म्हणाला, "किसी ने बताया था."

साठीच्या पुढचा माणूस. मंत्रिपद गेलेलं. कुणी त्याचं काय वाकडं करणार होतं? मी पुढं होणार होतो, तोंडापर्यंत आलं होतं सगळं. सरांनी माझा दंड धरला. ते माझ्याकडं वळले आणि माझ्याशी बोलले, मोठ्यानं, मराठीत, वर्गात बोलायचे तसं प्रत्येक शब्द सुटा करून.

"रशिदाआपा गेली. शिरूरला. रमजानच्या चार दिवस आधी. शेवटपर्यंत म्हणत होती, त्याला रजा मिळत नसेल."

दारात उभ्या माणसाचे ओठ हलले. मृत्यूची बातमी ऐकली की मुसलमान माणूस जे शब्द म्हणतो ते. आवाज आला नाही. बाईनं विचारलं, काय झालं? तो म्हणाला, कुछ नहीं. शेजारच्या पोलिसानं त्याला आत बसायला सांगितलं. तो आत गेला नाही. सरांच्या खिशातल्या कागदाकडं बघत राहिला. सरांनी कागद काढला नाही. शिटी झाली, झटका बसला, आणि गाडी हलायच्या आधीच सरांनी तिच्याकडं पाठ केली.

मला वाटलं घरी जातील. ते ठाण्यात निघाले. परदेशी नातेवाइकाशी कसलाही संपर्क झाला की चोवीस तासांत कळवायचं, असं त्यांच्याकडून कधीतरी लिहून घेतलेलं होतं. जगदाळे आता रिटायरमेंटला आलेले. त्यांनी ऐकलं आणि कपाळाला हात लावला.

"सर, झाली न्हाई म्हणा की भेट. तो बोलला न्हाई, तुमी बोलला न्हाई. पुन्यांदा सगळी चौकशी लागंल मागं. कुणी बघितलं न्हाई. म्या बी न्हाई."

"मी बघितलं," सर म्हणाले.

जगदाळेंनी फॉर्म पुढं केला. सरांनी सावकाश भरला. नाव. राष्ट्रीयत्व. ठिकाण, फलाट, वेळ, बावीस मिनिटं. भेटीचे कारण : बहिणीच्या मृत्यूची बातमी देणे. नाते या रकान्यात त्यांनी लिहिलं, सख्खा भाऊ. मग खिशातली नक्कल उलगडून खाली जोडली. टाचणी नव्हती, जगदाळेंनी स्वतःच्या शर्टाची काढून दिली.

शेवटी साक्षीदाराची जागा होती. सरांनी ती रिकामी सोडून पेनचं टोपण लावलं. मी त्यांच्या हातातून पेन घेतलं आणि तिथं सही केली, नाव पूर्ण लिहून, खाली हुद्दा आणि बिल्ला नंबर टाकून. सरांनी कागद आपल्याकडं वळवला, माझं अक्षर चष्म्याजवळ नेऊन तपासलं, आणि त्यांच्या सबंध ओळखीत पहिल्यांदाच मला कारण विचारलं नाही.